तीन दगडांची खूण

एका माणसाला मी त्याच्या माळावरून उठवले, आणि त्यासाठी मला एकही खोटे वाक्य बोलावे लागले नाही. ही गोष्ट मी नऊ वर्षे कोणालाही सांगितली नाही, पत्नीलाही नाही. आमच्या घरात लपवण्यासारखे फारसे काही कधी घडलेले नाही, त्यामुळे हे एक लपवणे मला इतके नीट कसे जमले याचे मला अजून नवल वाटते. त्या दिवशी मला विचारले गेले, मी उत्तर दिले, आणि उत्तर शब्दशः खरे होते. ज्या गोष्टीने सारे ठरले असते ती मात्र मी गिळली. एक हरिणी तारेशी मरून पडली होती. तिच्या मरणाचा दोष ज्याच्या माथी बसत होता, तो माणूस आणि त्याची कुत्री त्या वेळी तिथून दहा-बारा किलोमीटर दूर होती. हे ठाऊक असलेला त्या घोळक्यातला मी एकटा होतो.

मी शहराच्या कडेला, धायरीत राहतो. नकाशे काढणे हा माझा व्यवसाय. एका वास्तुविशारदाच्या कार्यालयात इतरांच्या घरांच्या भिंती आखण्यात तीस वर्षे गेली. आमच्याकडच्या टेकडीवर सकाळी फिरायला जाणाऱ्यांची एक रीत आहे. रिकाम्या हाताने चढायचे नाही. शीतपेयाच्या रिकाम्या बाटल्या घरून पाण्याने भरून न्यायच्या आणि आपापल्या झाडाला घालायच्या. कोणाचे झाड नातवाच्या वाढदिवसाचे, कोणाचे गेलेल्या माणसाच्या नावाचे. माझा एक कडुनिंब होता, वडील गेले त्या वर्षी लावलेला. भर उन्हाळ्यात मी त्याच्यासाठी रोज दोन बाटल्या खांद्याला लावून वर नेल्या आहेत. पत्नी म्हणायची, "अहो, गॅलरीतल्या कुंड्यांनाही कधीतरी घाला. त्या काय सावत्र आहेत?"

त्या पाणी वाहण्यात एक निर्मळ सुख होते, हे मी आजही नाकारणार नाही. पण त्याच सुखात एक समजूतही मुरत गेली: जिथे झाड नाही तिथे काहीच नाही. आमच्या गटाचे प्रमुख एक निवृत्त मुख्याध्यापक होते. आम्ही त्यांना सर म्हणत असू. उघडा माळ दिसला की त्यांचा जीव खरोखर कासावीस होई. "बघा, कसं टक्कल पडलंय," असे ते गाडीच्या काचेतून बोट दाखवून म्हणत. टेकडी हिरवी झाल्यावर त्यांनी दूरची जागा पाहिली. लोणी काळभोरच्या पलीकडे, डोंगराच्या पायथ्याशी, गावाच्या गायरानाचा एक मोठा तुकडा होता. गावाने तो आम्हाला झाडे लावण्यापुरता दिला. जागेचा नकाशा काढायचे काम अर्थातच माझ्याकडे आले. पहिल्याच कागदावर, माळाच्या मधोमध, मी माझ्या सुबक अक्षरात 'पडीक' असे लिहिले. अक्षर अजून चांगले दिसते. तो कागद मी फाडलेला नाही.

मोजणीसाठी मी काही शनिवार एकटाच जात असे. तिथेच मामा भेटले. मामा म्हणजे त्या माळावर मेंढ्या चारणारे धनगर. माझ्यापेक्षा दहाएक वर्षांनी मोठे, उंच, बोलताना नेहमी लांब कुठेतरी पाहणारे. सोबत दोन कुत्री; एक काळे, कान फाटलेले, दुसरे तांबूस. मी टेप धरून खुंट्या ठोकत होतो, ते काठीवर हनुवटी टेकून बराच वेळ पाहत राहिले.

"काय मोजताय सायेब? रस्ता का प्लॉट?"

"झाडं लावणार आहोत, मामा. जंगल करायचंय इथं."

त्यांनी एकदा माळाकडे पाहिले, एकदा माझ्याकडे. "मग ह्ये काय हाय?"

मी हसलो. मला वाटले, ते गंमत करत आहेत.

पुढच्या शनिवारी त्यांनी मला ते काय आहे हे दाखवले. गुडघाभर कुसळी गवत होते, वाळून तांबूस-सोनेरी झालेले. त्याची कुसळे माझ्या मोज्यांत इतकी रुतली की घरी आल्यावर पत्नी मोजे चिमट्याने धरून बाहेर घेऊन गेली आणि कुसळे काढत बसली. त्या गवतात मामा मला एका चढावर घेऊन गेले आणि म्हणाले, "बसा. बोलू नका." मी बसलो. समोर काहीच नव्हते. मग त्या काहीच नसलेल्यातून एक कान हलला. एक चिंकारा उभा होता, कदाचित आम्ही येण्याआधीपासूनच. गवताच्याच रंगाचा, बकरीएवढा, पोटाखाली पांढरा. त्याने पुढचा पाय एकदा आपटला आणि नाकातून शिंकल्यासारखा आवाज काढला. त्याबरोबर माळ ठिकठिकाणी फुटल्यासारखा झाला आणि आणखी चार हरणे धावत सुटली. इतके दिवस मी त्यांच्यामधून टेप ओढत होतो.

"झाडी आसती तर दिसलं आसतं का तुमास्नी?" मामा म्हणाले. "त्यालाबी कुनी दिसलं नसतं. लांबवर दिसतंय म्हनून त्ये जगतंय."

माळाच्या पूर्वेला एक खोलगट जागा होती. तिथे ओल टिकत असल्याने गवत कमरेएवढे उंच होते. तिच्या काठावर एकावर एक रचलेले तीन दगड मला दिसले. पोरांचा खेळ असावा म्हणून मी त्यांतला एक पायाने हलवणार, तोच मामांनी काठी आडवी घातली.

"ऱ्हाऊ द्या. आत पाडस हाय."

मग त्यांनी समजावले. हरिणी पाडस दाट गवतात ठेवते आणि स्वतः दिवसभर लांब चरते. जवळ रेंगाळली तर तिच्या वासावर कुत्री येतील. पाडसाला वास फारसा नसतो. धनगराला चारताना असे पाडस दिसले की त्याने ओरडायचे नाही, हात लावायचा नाही. कळप वळवायचा आणि काठावर तीन दगड ठेवायचे. दुसरा धनगर ते दगड पाहतो आणि लांबून जातो. पाडस आईमागे पळायला लागलेले ज्याला प्रथम दिसेल त्याने दगड उतरवायचे. ही रीत त्यांना त्यांच्या चुलत्याने शिकवली होती; चुलत्याला कोणी शिकवली ते त्यांना ठाऊक नव्हते.

"पाडस ओरडत नाही का, मामा? आई नसताना?"

"न्हाई. तुमी आंगावर पाय दिला तरी हूं का चूं करायचं न्हाई. आई येईपातूर हलायचं न्हाई, आसं त्येला आईनंच सांगितल्यालं आसतंय."

हे वाक्य माझ्या आयुष्यात पुढे काय होऊन बसणार आहे याची तेव्हा कल्पना नव्हती.

मामांनी माझ्याजवळ एकच मागणे केले. झाडे लावायची तर लावा, पण ही खोलगट जागा सोडा. आणि तार ओढणार असाल तर या बाजूला ओढू नका. हरीण पळताना तारेवरून उडी घेत नाही, खालून जायला बघते, आणि खालून वाट नसली की तारेवर आदळते. मी म्हणालो, "मी नकाशात तसं दाखवतो." त्यांनी समाधानाने मान हलवली. "नकाशात आलं म्हंजी झालं," म्हणाले. कागदावर त्यांचा असा विश्वास होता आणि तो कागद माझ्या हातात होता.

मी दाखवलेही. पूर्वेची रेघ आत वळवून खोलगट जागा बाहेर ठेवली. रविवारच्या बैठकीत सरांनी चष्मा कपाळावर सरकवून नकाशा पाहिला.

"हे काय? इथं रेषेला पोट का सुटलंय?"

"तिथं हरणं पाडसं ठेवतात, सर."

"कोण म्हणालं?"

"तिथले एक धनगर आहेत, ते."

"अहो, त्यांना चराईला जागा हवी आहे. आज हरणांची पाडसं, उद्या म्हणतील आमची कोकरंही तिथंच झोपतात. गाद्या घालून देऊ या का?"

सगळे हसले. मीही हसलो. मग खिशातून खोडरबर काढून मी सगळ्यांदेखत ते वळण पुसले आणि पट्टी धरून सरळ रेघ ओढली. सरांचा धाक हे याचे कारण सांगणे सोयीचे होईल. पण खरे सांगायचे तर सरळ रेघ मलाही अधिक देखणी वाटली. नकाशा पूर्ण झाल्यासारखा दिसला. एका चांगल्या दिसणाऱ्या रेघेसाठी मी दिलेला शब्द मोडला आणि तो मोडल्याचे मामांना कळवले नाही.

रोपे लागली. बहुतेक गिरिपुष्पाची, त्या परदेशी, झपाट्याने वाढणाऱ्या झाडाची, कारण ती कुठेही जगतात. प्रत्येक रोपाभोवती आळे करून त्याला दगडांची कड लावायची, असे सर्वांना सांगितले होते, आणि माळावरचे सुटे दगड गोळा करायला शंभर हात होते. दुपारपर्यंत खोलगटीच्या काठावरचे तीन दगडही एका घमेल्यात पडलेले मी पाहिले. ते वेचणारी बाई घामाने निथळत होती आणि आनंदात होती. तिला काय सांगायचे हे मला सुचले नाही. किंवा सुचले होते, पण त्यासोबत पुसलेल्या रेघेची गोष्टही सांगावी लागली असती. मी गप्प राहिलो. गप्प राहण्याची ती पहिली खेप. नंतर ते सोपे होत गेले.

दिवाळीनंतर तार आली. खाली जाळी, वर दोन काटेरी पदर; गावाकडची बाजू तेवढी अजून उघडी होती. मामांनी ती पाहिली, तेव्हा ते माझ्यावर रागावले नाहीत. "चुकून वढली जनू त्या मान्सांनी," एवढेच म्हणाले. मी म्हणालो, "हो, बघतो मी. काढून घेऊ तेवढी." दर भेटीत ते विचारत आणि दर भेटीत मी 'बघतो' म्हणत असे.

थंडी सरत आली होती. त्या रविवारी पाण्याचा टँकर सांगायला मी पहाटेच स्कूटरने मांजरी गावाला गेलो. टँकरवाल्याचे शेत रस्त्याला लागून होते. ऊस तुटून गेलेल्या त्या रानात मेंढ्या बसवल्या होत्या. खतासाठी शेतकरी कळप असा रानात बसवून घेतात. कळप मामांचा होता. त्यांची पत्नी तीन दगडांच्या चुलीवर चहा करत होती. मला पाहून मामांना फार आनंद झाला.

"या सायेब! आमच्या बंगल्यावर या!" त्यांनी घोंगडी झटकून अंथरली. "तीन दिस झालं, हितंच हाय. मंगळवारपातूर हाय."

काळे आणि तांबूस, दोन्ही कुत्री शेतातल्या बैलगाडीखाली अंगाची मुटकुळी करून झोपली होती. मी चहा घेतला. निघताना मामा स्कूटरजवळ आले आणि हळू आवाजात म्हणाले, "सायेब, खोलगटीकडची तार तेवढी ह्या हप्त्यात काढाच. तांबड्या हरणीचं दिस भरल्यात. तितंच ठेवती ती. दरसाल."

"या आठवड्यात नक्की," मी म्हणालो.

माळावर पोहोचलो तेव्हा सारा गट खोलगटीजवळ गोळा झाला होता. हरिणी जाळीला लागून पडली होती. मान मागे वळलेली, एक पाय जाळीत, मागचा भाग फाडलेला. रक्त अजून ओले होते. महामार्गाकडे मंगल कार्यालये झाली आहेत. त्यांच्या उष्ट्यावर वाढलेल्या भटक्या कुत्र्यांची टोळी अलीकडे माळावर येत असे, हे आम्ही सर्वांनी पाहिले होते. पण त्या कुत्र्यांना नाव नव्हते, मालक नव्हता. सर म्हणाले, "धनगराच्या कुत्र्यांचं काम." बाकीच्यांनी माना डोलावल्या. एकाने तर तारेचे आभार मानले. तार नसती तर कुत्री रोपे तुडवत आत आली असती.

वनरक्षक आला. भला, थकलेला तरुण होता. त्याने खाली बसून जाळी पाहिली, दाताच्या खुणा पाहिल्या आणि मग विचारले, "इथल्या धनगराला कोण ओळखतं?" सगळ्यांनी माझ्याकडे पाहिले.

"त्यांची कुत्री या माळावर फिरतात का?"

"दोन कुत्री आहेत त्यांची," मी म्हणालो. "इकडेच फिरतात."

त्याने ते लिहून घेतले. पुढे मी काही बोलेन म्हणून तो क्षणभर थांबलाही. माझ्या जिभेवर मांजरीच्या चहाची चव होती. एक वाक्य पुरे होते: 'पण आज ती मांजरीत आहेत, मी आत्ताच पाहून आलो.' ते बोललो असतो तर पुढचा प्रश्न आला असता की मग ही मेली कशी, आणि त्याचे उत्तर त्या सरळ रेघेत होते.

पण इतकेच असते तर कदाचित मी स्वतःला कधीतरी क्षमा केली असती. हरिणीची कास दुधाने भरलेली होती आणि पोट आत गेलेले; ती व्याली होती. ती मी पाहिली. तिचा अर्थ त्या घोळक्यात फक्त मला कळत होता, कारण मामांनी तो मलाच शिकवला होता. आत, कमरेएवढ्या गवतात, कुठेतरी तिचे पाडस होते. ते ओरडणार नव्हते. मी आत जाऊन शोधायला लागलो असतो तर कोणीतरी विचारले असते, तुम्हाला कसे ठाऊक? म्हणून मी गेलो नाही. हरिणीला नेल्यावर सर म्हणाले, "चला, वेळ फार गेला," आणि आम्ही कामाला लागलो. त्या दिवशी दुपारपर्यंत मी खोलगटीपासून हाकेच्या अंतरावर गिरिपुष्पाच्या रोपांना झारीने पाणी घालत होतो.

गटाच्या पत्रकात वृत्तांत मीच लिहिला. 'पाळीव कुत्र्यांच्या हल्ल्यात' असे शब्द वापरले; तोंडाने न बोललेले खोटे तिथे लिहून टाकले. गावाने ते वाचले. गायरानावर चराई बंद झाली, तसा फलक लागला. त्याचे अक्षरही माझेच. गावातल्या टपरीवर मामांना लोक 'हरीणखाऊ' म्हणू लागले, असे टँकरवाल्याने हसत सांगितले; मामा त्या रविवारी त्याच्याच रानात होते, पण दिवसांचा मेळ त्याने घातला नव्हता. ज्याने पाडसासाठी आयुष्यभर कळप वळवला, त्याला! मी हे ऐकले आणि टँकरची वेळ ठरवून फोन ठेवला. त्यानंतर मामा मला दिसले नाहीत. मी ज्या वाटेने जाई त्या वाटेने ते जात नसावेत, असे मी स्वतःला सांगत आलो. खरे तर वाट मी बदलली होती.

माळावर आज जंगल आहे, असे म्हणतात. गिरिपुष्प दाट माजले आहे. त्याच्या सावलीत कुसळी गवत मेले. आता तिथून चालून आले तर मोज्यांना एकही कुसळ लागत नाही. लोक सहकुटुंब येतात, फोटो काढतात, "किती गार वाटतं!" म्हणतात. चिंकारा मला गेल्या सहा वर्षांत तिथे दिसलेला नाही. चंडोलाचा आवाज नाही. खालच्या अंगाला मातीचे रस्ते पडले, प्लॉटांचे खांब उभे राहिले. जी थोडी हरणे उरली असतील ती कुठे गेली असतील याचा विचार करत मी नकाशे उलगडून बसतो. माझ्या हातचेच नकाशे. लोणीपासून मांजरीपर्यंत जिथे जिथे मोकळे काही होते तिथे त्याच सुबक अक्षरात तोच शब्द, 'पडीक', लिहिलेला दिसतो, आणि पुढच्या कागदावर इमारत. आपण जे वाचवायला निघालो ते आपल्याच हाताने झाकून मारले, आणि ते उलटे फिरवायचे कसे हे मला कळत नाही. कोणाला कळत असेल असेही आता वाटत नाही.

गेल्या वर्षी माझी मुलगी मांजरीत भाड्याच्या घरात राहायला गेली. नवी इमारत, चौदा मजले. तिच्याकडे प्रथमच गेलो तर फाटकावरच्या केबिनमधून एक वही माझ्यासमोर सरकली.

"लिहा सायेब. नाव, गाव, कुनाकडं चाललाय."

आवाज मी ओळखला. निळ्या गणवेशात मामा बसले होते. केस पूर्ण पांढरे, गणवेशाच्या बाह्या आखूड. मी पेन हातात धरून तसाच उभा राहिलो.

"खरं लिहा म्हंजी झालं," ते म्हणाले. "नकाशा न्हाई, वही हाय."

मागे एक मोटार हॉर्न वाजवत होती. त्यांनी उठून फाटक उघडले, सलाम केला, परत येऊन बसले. मी विचारले, "मेंढ्या?"

"कुठं चारायच्या? लिफ्टमदी?"

"आणि कुत्री?"

"तांबडं मेलं. काळं पावण्याकडं दिलं, लांब. हरीण खातंया म्हनून हितं कुनी ठिवू दीना."

मी केबिनच्या दाराशी उभा राहून, हलक्या आवाजात, त्या रविवारचे सारे सांगितले. पुसलेल्या रेघेपासून सगळे. ते वहीवर हात ठेवून ऐकत होते. मध्ये दोनदा फाटक उघडायला उठले, तेव्हा मी थांबलो. शेवटी म्हणालो, "मामा, माझं चुकलं."

"मंगळवारी परत आल्यावर मी आत गेल्तो," ते म्हणाले. जणू मी काही बोललोच नव्हतो. "हरनी मेली म्हनून कळलं तवाच पळत गेलो. घावलं. वल्या गवतात, पाय दुमडून, जसं ठिवल्यालं तसं. मुंग्या लागल्या व्हत्या. दोन दिस वाट बघितली आसंल त्येनं."

मी केबिनची चौकट धरली.

"तुमी त्या दिशी पाणी घालत व्हता म्हनं तितं."

"हो."

"मग एवढं ऐकू आलं न्हाई?" असे म्हणून ते थांबले, आणि स्वतःच म्हणाले, "न्हाई. त्ये ओरडत न्हाई."

मी पुन्हा माफीचा शब्द काढला, तेव्हा त्यांनी प्रथमच माझ्या डोळ्यांत पाहिले. "सायेब, मी मांजरीत व्हतो ह्ये मला म्हाईत हाय. गावात सांगून बघितलं, कुनी मानलं न्हाई. मला सांगून काय उपेग? ज्यांच्या म्होरं बोलला, त्यांच्या म्होरं बोला. माझ्या नातीला शाळंत अजून म्हनत्यात, तुजा आजा हरीण खातो."

मुलीकडे मी त्या दिवशी गेलोच नाही. धायरीला परतलो. पत्नीने विचारले, "अहो, काय झालं? पोरीला भेटला नाहीत?" तेव्हा नऊ वर्षांत प्रथमच मी तिला सांगितले. ती म्हणाली, "आणि मी तुमच्या मोज्यांतली कुसळं काढत होते."

या हिवाळ्यात गटाने माळावर मोठा कार्यक्रम ठेवला. मांडव, खुर्च्या, ध्वनिक्षेपक. गावातले लोक होते, सरपंच होते, तेव्हाचा वनरक्षक आता वरच्या हुद्द्यावर गेला आहे, तो आला होता. सरांचे वय झाले आहे. त्यांना दोघांनी धरून आणले. वाटचालीचा वृत्तांत मी वाचायचा होता. मी मामांना आदल्या रविवारी फाटकावर जाऊन बोलावले होते. येतो असे ते म्हणाले नव्हते, पण आले. दुपारची पाळी असल्याने गणवेशातच होते. सोबत दहा-अकरा वर्षांची नात होती. कोणीतरी खुर्ची दिली, ती त्यांनी घेतली नाही. मांडवाबाहेर, तारेपाशी, दोघे उभे राहिले.

मी कागद उघडला आणि घडी घालून खिशात ठेवला. आयुष्यभर मी मागच्या रांगेत बसणारा माणूस. ध्वनिक्षेपकातून येणारा माझा आवाज मला परक्याचा वाटला. माझ्या बोलण्याने एकही कुसळ पुन्हा उगवणार नव्हते, आणि ते पाडसही उठून उभे राहणार नव्हते. एवढे तरी मला तेव्हा स्पष्ट कळत होते. मी त्या रविवारचा उल्लेख केला तशी पुढच्या रांगेत कुजबुज झाली. "आता हे कशाला?" असे कोणीतरी म्हणाले. सर माझ्याकडे पाहत होते. त्यांच्या नजरेत राग होता की भीती हे मला ठरवता आले नाही. मी त्यांच्यावर काही ढकलले नाही. पट्टी माझ्या हातात होती.

मग मी मांडवाकडून नजर काढली आणि तारेकडे वळून बोललो.

"मामा, त्या रविवारी तुमची दोन्ही कुत्री मांजरीत गाडीखाली झोपली होती. मी माझ्या डोळ्यांनी पाहिली होती. तुमच्याकडचा चहा पिऊन मी इथं आलो होतो. मला विचारलं, तेव्हा मी ते सांगितलं नाही. तुम्हाला शब्द देऊन ही तार मीच सरळ आखली. आत पाडस आहे हे मला कळत होतं, आणि मी झाडांना पाणी घालत राहिलो. बाळ, तुझ्या आजोबांनी हरीण मारलं नाही, त्यांच्या कुत्र्यांनीही नाही. हे मी इथं सगळ्यांसमोर सांगतो. मामा, मी तुमचा अपराधी आहे. मला माफ करा."